पॉलिसी ‘ऑल इंडिया’, पण नवापूर ओलांडलं की काय होतं?

तापीकाठचा
राम राम मंडळी. मुक्काम शहादा.

माझी 10 लाखांची फॅमिली फ्लोटर आरोग्य विमा पॉलिसी आहे, त्यात मी, बायको आणि दोन पोरं. वडिलांची वेगळी, 5 लाखांची. वय 67, बीपी आणि शुगर दोन्ही. कंपनी एकच. पॉलिसी देताना एजंटने छातीवर हात ठेवून सांगितलं होतं, “भाऊ, ऑल इंडिया आहे, कुठेही दाखवा.”

आता रिन्युअलची नोटीस आलीय. सोबतच्या कागदांत एक ओळ आहे: झोन 3 चा हप्ता भरणाऱ्याने झोन 1 मध्ये उपचार घेतले तर 20 टक्के को-पे, म्हणजे बिलाचा तेवढा हिस्सा आपण भरायचा. झोन 1 ची यादी काढली. दिल्ली, मुंबई, ठाणे... आणि सुरत! नंदुरबार जिल्हा झोन 3.

आपल्याकडचा माणूस मोठ्या दुखण्याला कुठे जातो ते तुम्हाला माहीतच आहे. अँजिओग्राफी सुरत, किमो सुरत, कमी दिवसांचं बाळ असेल तर काचेच्या पेटीसाठी सुरत. रेल्वे आहे, प्रत्येकाचा कोणीतरी उधन्याला नाहीतर लिंबायतला आहे, डब्याची आणि झोपायची सोय होते. नाशिकला आपलं कोण आहे? म्हणजे 4 लाखांचं बिल झालं तर 80 हजार खिशातून, आणि वर हा ऑल इंडिया.

दुसरी गोष्ट, कंपनीच्या ॲपवर नंदुरबार टाकलं तर कॅशलेस (बिल कंपनी थेट भरते त्या) दवाखान्यांची यादी मोबाइलच्या एका स्क्रीनवर मावते. सुरत टाकलं तर बोट दुखेपर्यंत खाली जाते.

मग मी झोन 1 चा हप्ता भरू का? की कंपनीच बदलू? राज्याची हद्द ओलांडली की अजून काय काय बदलतं?

भरीतपुरी
सोप्पा उपाय. नवापूर स्टेशनवरचं ते बाकडं आहे ना, अर्धं महाराष्ट्रात, अर्धं गुजरातेत. कळ आली की सरकून महाराष्ट्राच्या बाजूला बसायचं. को-पे वाचला.

विमावाली
(जळगाव, धंदा हाच, म्हणून आधीच सांगते. इथे कोणाला पॉलिसी विकणार नाही.)

तापीकाठचा भाऊ, एजंट खोटं बोलला नाही, अर्धं बोलला. पॉलिसी देशभर चालतेच. आपल्याकडे विम्याचं लायसन्स आयआरडीएआय ही विम्याची केंद्रीय नियामक संस्था देते, अख्ख्या देशाचं एकच. राज्याराज्यांत जे बदलतं ते कंपनी आपल्या हिशोबाने ठरवते, आणि ते तीन ठिकाणी दिसतं.

एक झोन. शहरातला खर्च आणि तिथून येणारे क्लेम बघून कंपनी गावांची वर्गवारी करते. राज्याच्या हद्दीशी त्याचं देणंघेणं नसतं. म्हणून सुरत, अहमदाबाद, बडोदा हे काही कंपन्यांत मुंबईच्या पंगतीला असतात, आणि आपण खानदेशचे तिघे जिल्हे शेवटच्या पंगतीला. काही कंपन्यांत झोनच नाही. काहींत झोन आहे पण को-पे नाही, फक्त हप्त्यात फरक. त्यामुळे ‘माझ्या मेव्हण्याला तर काही कापलं नाही’ हे ऐकून निर्णय घेऊ नका, त्याची पॉलिसी वेगळी असेल.

दोन नेटवर्क, म्हणजे कंपनीशी कॅशलेसचा करार असलेले दवाखाने. हे करार दवाखान्यागणिक होतात आणि मोडतातही. ॲपवरची यादी आठवड्याभरापूर्वीची असू शकते. जाण्याआधी दवाखान्याच्या टीपीए डेस्कला (विम्याचे कागद बघणाऱ्या खिडकीला) फोन लावायचा आणि विचारायचं, “या कंपनीचं कॅशलेस आज चालू आहे का?” ‘आज’ हा शब्द सोडायचा नाही.

तीन, ज्याकडे कोणी बघत नाही: वगळलेल्या दवाखान्यांची यादी. कंपनीच्या वेबसाइटवर खाली कुठेतरी असते, शहरवार. त्या दवाखान्यात ठरवून दाखल झालात तर कॅशलेस सोडा, नंतर बिलं देऊनही पैसे मिळत नाहीत. अपघात किंवा जिवावर बेतलं असेल तर पेशंट स्थिर होईपर्यंतचा खर्च मिळतो, पूर्ण क्लेम नाही. तुम्ही सुरतेचा जो दवाखाना मनात धरलाय तो या यादीत नाही ना, हे झोनच्याही आधी बघा.

आणि इथे वाचणाऱ्या सगळ्यांना: पोरगा सुरतेला राहतो आणि हप्ता कमी बसावा म्हणून पत्ता धरणगावचा, असले उद्योग करू नका. क्लेमच्या वेळी आधार, डिस्चार्ज कार्ड, नोकरीचा पत्ता सगळं समोर येतं.

लिंबायतकर
ताई म्हणतात ते बरोबर, पण मी उलट्या दिशेने सांगतो. मी मूळचा साक्रीकडचा, आता पूर्ण सुरती. पॉलिसी सुरतेत घेतलेली, झोन 1 चा पूर्ण हप्ता. मला वाटायचं, जास्त झोनवाला कमी झोनमध्ये गेला तर काय अडचण? को-पे नाही, काही नाही.

मे महिन्यात चुलत भावाच्या लग्नाला धुळ्याला गेलो. हळदीच्या रात्री बायकोला जुलाब-उलट्या, पहाटे बीपी एकदम खाली. जवळ होता त्या दवाखान्यात नेलं. नाव लिहीत नाही. बोर्ड भलामोठा, मल्टिस्पेशालिटी, आयसीयू, 24 तास. खाली मेडिकल, वर चढायला अरुंद जिना, स्ट्रेचर वळेना म्हणून शेवटी खुर्चीत बसवून उचलून नेली. डॉक्टर मात्र देवमाणूस, रात्रभर हलला नाही. चार दिवसांत बायको उभी राहिली. कॅशलेस नव्हतं, पैसे भरले, फाईल लावली.

दोन आठवड्यांनी कंपनीचा तपासणीचा माणूस दवाखान्यात आला. त्याने वॉर्डात फिरून खाटा मोजल्या. आठ! फोटो काढले, गेला. क्लेम नामंजूर. कारण काय, तर पॉलिसीच्या व्याख्येत हे ‘हॉस्पिटल’ बसत नाही, निदान 10 खाटा पाहिजेत.

आता मला सांगा, पेशंट खुर्चीत टाकून नेताना मी खाटा मोजू?

केळीवाला
भो, आठे खाटा मोजाले कोन जास! बी.पी. खाले गयं ते माणूस जिना बी मोजत नही.

(रावेरचा आहे, अहिराणी बायकोकडून उसनी. चुकली असेल तर धुळेकरांनी माफी द्यावी.)

डॉ_कळणाभाकर
मी अंमळनेरजवळ बारा वर्षं दवाखाना चालवतो, म्हणून दुसरी बाजू.

10 खाटांची अट आहे ती 10 लाखांपेक्षा कमी लोकसंख्येच्या गावांसाठी. मोठ्या शहरांत 15. आपल्या तिन्ही जिल्ह्यांत 10 लाखांचं एकही शहर नाही, 2011 च्या जनगणनेत जळगाव साडेचार लाखांच्या आसपास होतं. म्हणजे सगळा खानदेश 10 खाटांच्या नियमात येतो. सोबत चोवीस तास नर्स, चोवीस तास डॉक्टर, ऑपरेशन थिएटर, रोजच्या नोंदी.

तापीकाठच्यांनी विचारलंय की नंदुरबारची यादी एवढीशी का. सांगतो. नेटवर्कमध्ये जायचं तर प्रत्येक कंपनीबरोबर वेगळा करार, वेगळे दर. आमच्या गावातलं अपेंडिक्सचं पॅकेज ते ठरवतात, आम्ही फक्त सही करायची. डेस्कला एक माणूस फक्त कागद अपलोड करायला बसवावा लागतो, आणि पैसे कधी येतील ते कंपनीची मर्जी. महिन्याला विम्याचे जेमतेम पाच-सात पेशंट येणाऱ्या दवाखान्याला हे झेपत नाही. सुरतेत एका दवाखान्याकडे दिवसाला तेवढे येतात. यादी लांब होण्याचं कारण एवढंच.

भरीतपुरी
डॉक्टरसाहेब, राग नका मानू. पण काउंटरवर पहिला प्रश्न ‘इन्शुरन्स आहे का’ हाच असतो, आणि हो म्हटलं की रूम आपोआप डिलक्स होते. कंपनी दर बांधून का देते त्याचं थोडं उत्तर तिथे पण आहे.

डॉ_कळणाभाकर
भरीतपुरी, राग नाही. असे दवाखाने आहेत, मला चार माहीत आहेत. तुमच्याकडे दोन कमी निघायचे नाहीत.

फैजपूर_ते_फिनिक्स
हा धागा वाचून हसू येतंय आणि रडूही. तुम्ही झोनला वैतागलात, आमच्याकडे या.

मी बावीस वर्षं अमेरिकेत आहे. इथे विमा हा राज्याचा विषय. 1945 च्या एका कायद्याने तो राज्यांकडे ठेवला गेला आणि आजही प्रत्येक राज्याचं विमा खातं वेगळं, लायसन्स वेगळं, नियम वेगळे. त्यामुळे एखादी कंपनी ॲरिझोनात विकते आणि शेजारच्या राज्यात तिचं दुकानच नसतं. आणि राज्याच्या आतही काउंटीप्रमाणे, म्हणजे आपला जिल्हा समजा, प्लॅन बदलतो. पिनकोड टाका, तेव्हा कुठे यादी दिसते. कैसर परमनंटे हे फार मोठं नाव, पण ते आठ राज्यं आणि राजधानी वॉशिंग्टन एवढ्यातच. दवाखाने त्यांचेच, विमा त्यांचाच. कॅलिफोर्नियात उदंड, इथे फिनिक्सला नाही.

मुलाने नोकरी सोडून स्वतःचं काम सुरू केलं आणि न्यू जर्सीतून टेक्सासला गेला. जुना प्लॅन तिथे चालेना. राज्य बदललं की 60 दिवसांच्या आत नवीन घ्यायचा, नाहीतर नोव्हेंबरची वाट बघा. मधल्या काळात टेक्सासमध्ये त्याचा जुना एचएमओ (ठरलेल्या नेटवर्कपुरताच चालणारा प्लॅन) फक्त इमर्जन्सीचे पैसे देणार होता. साधा ताप, खोकला, नेहमीच्या गोळ्या सगळं स्वतःच्या खिशातून. गरिबांसाठीच्या मेडिकेडचंही तेच. 2014 पासून बहुतेक राज्यांनी ते वाढवलं, दहा राज्यांनी नाही वाढवलं, त्यात टेक्सास आहे. म्हणजे तेच उत्पन्न, तोच माणूस, एका राज्यात मेडिकेड मिळतं, दुसऱ्यात नाही.

मोठ्या कंपनीत नोकरी असेल तर हे फारसं जाणवत नाही. स्वतःच्या पैशाने कर्मचाऱ्यांचे क्लेम भागवणाऱ्या मोठ्या कंपन्यांच्या प्लॅनना 1974 चा केंद्राचा कायदा लागतो, राज्यांचे विमा नियम बरेचसे लागत नाहीत, आणि नेटवर्कही देशभराचं असतं. म्हणून इथले आपले आयटीवाले तुम्हाला सांगतील, ‘असं काही नसतं’. एच-1बी व्हिसावरची नोकरी सुटली की कळतं.

तापीकाठचा
वहिनी, म्हणजे आमचं बरं म्हणायचं का?

फैजपूर_ते_फिनिक्स
निदान तुमचा कागद बऱ्हाणपूरला गेला तरी कागदच राहतो. आमचा राज्य ओलांडलं की रद्दी होतो. पण तुमच्या 80 हजारांवर हे काही औषध नाही, ते विमावालीच सांगेल.

सातपुडा
मी धडगावचा. तुमचं कॅशलेस, को-पे वाचून करमणूक झाली. आमच्या पाड्यात या शब्दांना काही अर्थ नाही. आमचा विमा म्हणजे रेशनकार्ड.

पण राज्याचा प्रश्न आम्हालाही आहे, तुमच्यापेक्षा जास्त. राज्याची योजना 2012 साली राजीव गांधी जीवनदायी म्हणून आली तेव्हा पहिल्या आठ जिल्ह्यांत धुळे होतं, नंदुरबार नव्हतं. आमच्याकडे 2013 च्या शेवटी आली. 2017 ला महात्मा फुले जन आरोग्य नाव झालं, 2020 ला केंद्राच्या आयुष्मान भारत योजनेशी जोडली. आता कुटुंबाला वर्षाला 5 लाख, आणि पिवळं, केशरी, पांढरं सगळ्याच रेशनकार्डांना.

ही राज्याची योजना महाराष्ट्रातल्या यादीतल्या दवाखान्यांतच चालते. अक्कलकुव्यातून गुजरात दिसतं, पण पेशंट न्यायचा धुळ्याला नाहीतर नाशिकला. मोलगीकडचा माणूस सागबाऱ्याला बाजार करतो, सुरतेला ऊसतोडीला जातो, आणि हार्टचं ऑपरेशन करायला मात्र उलट्या दिशेने सहा-सात तास. 2023 ला कर्नाटकातल्या 865 मराठी गावांसाठी हीच योजना हद्दीपलीकडे नेली. ते चांगलंच केलं. तापीच्या काठावर मात्र ही बुद्धी सुचली नाही.

विमावाली
सातपुडा भाऊंच्या बोलण्यात एक भर. ज्यांचं नाव केंद्राच्या आयुष्मानच्या यादीत आहे (2011 च्या सामाजिक-आर्थिक जनगणनेवरून केलेली) त्यांना दुसऱ्या राज्यातही चालतं. ज्यांना फक्त राज्याच्या रेशनकार्डावरून लाभ आहे त्यांना नाही. दोघांच्या हातातलं कार्ड बघायला सारखंच वाटतं, म्हणून सुरतेच्या काउंटरवर भांडणं होतात. निघण्याआधी 14555 वर कार्ड नंबर सांगून विचारायचं. राज्याच्या योजनेसाठी 155388. यादीतल्या दवाखान्यात आरोग्यमित्र बसतो, तोही बघून देतो.

लिंबायतकर
गुजरातचं रेशनकार्ड असलेल्यांसाठी: इथे 2023 च्या जुलैपासून मर्यादा 10 लाख आहे. आमच्या गल्लीतले निम्मे लोक गावाकडचं नाव कमी करायला तयार नाहीत, कारण गावाकडची जमीन, मतदान, भाऊबंदकी. नाव तिकडे, माणूस इकडे, आणि आजारी पडला की ना तिकडचं ना इकडचं.

केळीवाला
रावेर-यावलवाल्यांसाठी: आमचं सगळं बऱ्हाणपूर आणि इंदूर. माझ्या कंपनीत इंदूर झोन 2 मध्ये आहे आणि को-पे 10 टक्के. दुसऱ्या एका कंपनीत इंदूर आणि जळगाव एकाच झोनमध्ये निघाले. भावाने तीच घेतली, हप्ता माझ्यापेक्षा थोडा जास्त. केळीचा भाव पडला त्या वर्षी मी कमी हप्त्याची बघितली, हे खरं.

भरीतपुरी
इंदूरला गेलात तर सराफ्यात...

केळीवाला
पेशंट ॲडमिट असताना सराफा?

भरीतपुरी
नातेवाईक उपाशी मरावेत काय? सुरतेत लोचो, इंदुरात गराडू, आणि धुळ्याला पाचकंदीलजवळ...

चावडी_प्रशासन
खाण्याचा धागा वेगळा आहे. तिथे शेवभाजीवरून मागच्या महिन्यात झालेलं भांडण अजून चालू आहे. तसंच, कंपनीचं आणि दवाखान्याचं नाव घेऊन तक्रार लिहू नये, दोन प्रतिसाद उडवले आहेत.

जुनाखातेदार
बँकेतून निवृत्त. लिंबायतकरांच्या क्लेमवर कोणी बोललं नाही म्हणून लिहितो.

तुमच्या पॉलिसीतली ‘हॉस्पिटल’ची व्याख्या पुन्हा काढून वाचा. खाटांची अट ही दुसऱ्या भागात आहे. पहिला भाग असा, की क्लिनिकल एस्टॅब्लिशमेंट कायदा 2010 खाली, किंवा त्या कायद्याच्या परिशिष्टात दिलेल्या कायद्यांखाली, स्थानिक प्राधिकरणाकडे हॉस्पिटल म्हणून नोंदणी झालेली असेल, किंवा खालच्या सगळ्या अटी पूर्ण होत असतील. मुंबई नर्सिंग होम नोंदणी कायदा 1949 त्या परिशिष्टात आहे. आपल्या राज्यातले खासगी दवाखाने याच कायद्याखाली नोंदवलेले असतात. महापालिका हद्दीत असतील तर महापालिकेकडे.

म्हणजे त्या दवाखान्याची त्या तारखेला चालू नोंदणी असेल तर आठ खाटांवरून क्लेम नाकारणं टिकायला कठीण. व्याख्या बहुतेक सगळ्या कंपन्यांत सारखीच, नियामकाने ठरवून दिलेली.

डॉ_कळणाभाकर
काका, लाख बोललात. ते प्रमाणपत्र बहुतेक रिसेप्शनच्या मागे फ्रेम करून लावलेलं असतं. त्यावर नोंदणी क्रमांक, मुदत आणि मंजूर खाटा लिहिलेल्या असतात. लिंबायतकर, झेरॉक्स मागा. मुदत मात्र बघा. तीन वर्षांनी नूतनीकरण करायचं असतं आणि आमच्यातले बरेच ते विसरतात.

लिंबायतकर
काका, मला कोणीच हे सांगितलं नव्हतं. उद्याच भावाला पाठवतो धुळ्याला. पण नंतर कुठे द्यायचं? सुरतेतली पॉलिसी, धुळ्यातला दवाखाना.

जुनाखातेदार
आधी कंपनीच्या तक्रार विभागाला लेखी, सोबत प्रमाणपत्र. ईमेलनेच करा, फोनवर नको. 30 दिवसांत उत्तर नाही किंवा पटलं नाही, तर विमा लोकपाल. वकील लागत नाही, फी नाही, 50 लाखांपर्यंतचे वाद ते घेतात. कंपनीच्या अखेरच्या नकारापासून वर्षाच्या आत जायचं. हद्द तुमच्या राहत्या पत्त्यावरून किंवा कंपनीच्या शाखेवरून ठरते, दवाखान्यावरून नाही. म्हणजे तुमचं अहमदाबादला. आपलं खानदेशवाल्यांचं पुण्याला. सुनावणी ऑनलाइन होऊ शकते.

सुरती_जावई
एवढी चर्चा कशाला? 2024 च्या जानेवारीपासून ‘कॅशलेस एव्हरीव्हेअर’ आलंय. नेटवर्क असो नसो, कुठेही कॅशलेस. नंदुरबारची यादी लहान असली तरी फरक काय पडतो?

विमावाली
जावईबापू, वाचायला छान आहे. ठरवून दाखल व्हायचं असेल तर 48 तास आधी कंपनीला कळवायचं, इमर्जन्सीत दाखल झाल्यापासून 48 तासांच्या आत. एवढं करूनही दवाखाना तयार पाहिजे. त्याने कागदावर सही करून कंपनीच्या पैशाची वाट बघायची तयारी दाखवली तरच. डॉक्टरसाहेबांनी वर सांगितलं तेच कारण. मोठ्या शहरांत होतं, आपल्याकडे माझ्या गिऱ्हाइकांपैकी फार थोड्यांचं झालंय. मागून बघा, पण त्याच्या भरवशावर घरातून रिकाम्या हाताने निघू नका.

दुसरा नियम मात्र कामाचा आहे. आयआरडीएआयच्या 2024 च्या परिपत्रकाप्रमाणे कॅशलेसची विनंती आली की कंपनीने एका तासात निर्णय द्यायचा, आणि डिस्चार्जचं अंतिम बिल गेल्यावर तीन तासांत. त्यापुढे उशिरामुळे रूमचं भाडं वाढलं तर ते कंपनीने सोसायचं. डेस्कवाला “कंपनीकडून आलं नाही” म्हणाला की विनंती किती वाजता पाठवली तो स्क्रीनशॉट मागायचा. बऱ्याचदा ती पाठवलेलीच नसते.

तापीकाठचा
मंडळी, आठवड्याने येतोय. कंपनीला मेल करून तीन प्रश्न विचारले होते, उत्तर आलं. जसंच्या तसं नाही, मतितार्थ लिहितो.

मी मनात धरलेला सुरतेचा दवाखाना नेटवर्कमध्ये आहे, वगळलेल्या यादीत नाही. त्याच रस्त्यावरचा दुसरा, जिथे गावातले बरेच जण जातात, तो मात्र वगळलेल्या यादीत सापडला! ताई, हे तुमच्यामुळे कळलं. गावाच्या ग्रुपवर टाकलंय, त्यावरून तिथे निराळंच महाभारत सुरू आहे.

को-पे अपघातात लागत नाही, बाकी इमर्जन्सीत लागतो.

झोन बदलता येतो, पण रिन्युअललाच. फ्लोटरला साधारण 4 हजार जास्त, वडिलांना साडेसात. 2025 च्या सप्टेंबरपासून वैयक्तिक आरोग्य विम्यावरचा 18 टक्के जीएसटी गेलाय, त्यामुळे फ्लोटर झोन 1 ला नेऊनही एकूण आकडा मागच्या वर्षीच्या जवळपासच येतो. ती नेतोय. वडिलांचं मात्र अडलंय. एक झोन नसलेली कंपनी बघून ठेवलीय. पोर्ट करू का, म्हणजे चालू पॉलिसी तिकडे हलवू का?

विमावाली
पोर्टसाठी रिन्युअलच्या निदान 45 दिवस आधी अर्ज लागतो. तुमची नोटीस आली म्हणजे यंदाची वेळ गेली असावी, तारीख बघा. पोर्टमध्ये आधी भरलेला वेटिंग पिरियड (जुन्या आजारांना विमा लागू होईपर्यंतची मुदत) धरला जातो, पण नवीन कंपनी नाही म्हणू शकते, आणि 67 वय, बीपी, शुगर म्हटल्यावर बऱ्याच म्हणतात. तिचं लेखी हो येईपर्यंत जुनी सोडायची नाही, म्हणजे नाहीच. पाच वर्षं सलग भरली असतील तर आधीचा आजार लपवला या कारणाने क्लेम नाकारता येत नाही, फसवणूक सिद्ध झाली तरच. किती वर्षं झाली?

तापीकाठचा
पाचवं चालू आहे.

विमावाली
मग कशाला हलवता? साडेसात भरा आणि त्यांचाही झोन वाढवून घ्या. 70 पूर्ण झाले की आयुष्मान वय वंदना कार्ड काढा, उत्पन्न कितीही असो 5 लाख मिळतात, आणि खासगी पॉलिसी असली तरी चालतं. ते केंद्राच्या योजनेचं असल्याने सुरतेच्या यादीतल्या दवाखान्यातही चालतं. तीन वर्षांचाच प्रश्न आहे.

सातपुडा
चांगलंय. आमच्याकडे 70 वर्षांच्या म्हाताऱ्याचं आधारवरचं वय 58 निघतं. सगळ्यांची जन्मतारीख 1 जानेवारी.

लिंबायतकर
जुनाखातेदार काका, झेरॉक्स मिळाली. नोंदणी चालू आहे, 2027 पर्यंत. मंजूर खाटा लिहिल्यात 12! आठ खाली, चार गच्चीवरच्या खोलीत, त्या माणसाने वर जाऊन बघितलंच नाही. कंपनीला मेल टाकलाय.

भरीतपुरी
गच्चीवर खाटा उन्हाळ्याच्या असतील हो, झोपायला.

डॉ_कळणाभाकर
हसताय, पण मे महिन्यात धुळ्यात गच्चीवरच्या खोलीत पेशंट ठेवला तर त्याचं बिल वेगळं लागेल.

गिरणाकाठ
मी चाळीसगावचा. आम्ही सुरतला नाही, संभाजीनगर नाहीतर नाशिकला जातो. आमच्या दोघांच्या पॉलिसीत नाशिक झोन 2 आणि संभाजीनगर झोन 3 दाखवतंय. घाट बंद असला की नाशिक, उघडा असला की संभाजीनगर. कुठल्या झोनचा हप्ता भरू?

विमावाली
घाट बंद असताना आजारी कोण पडतं, ते सांगा आधी. दोघांची वयं आणि कंपनीत झोनचा को-पे आहे का नुसता हप्त्याचा फरक, एवढं लिहा, मग बघू.